‘तो पिक्चर कोणता हो?’ : अर्धवट आठवणाऱ्या सिनेमांबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंदूरला रामबागेच्या बाजूला आमची व्हिडिओ कॅसेटची लायब्ररी होती. ती बंद होऊन जमाना झाला, पण प्रश्न काही बंद झाले नाहीत. पूर्वी लोक काउंटरवर कोपर टेकून विचारायचे, आता व्हॉट्सअपवर विचारतात. तेच ते टाइप करून अंगठा दुखायला लागला, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतोय.

नाव आठवत नाही, नट आठवत नाही, साल आठवत नाही. विचारून काही उपयोग आहे का?

आहे. उलट नाव ‘आठवतंय’ म्हणणाऱ्यांचाच मला जास्त ताप होतो. नाव, नट आणि साल या तीन गोष्टी माणूस हमखास चुकीच्या सांगतो, आणि त्याही छातीठोकपणे. चुकत नाही ती एखादी फालतू वस्तू. कंदील, छत्री, बाटली, लाल काच. गोष्टीशी तिचा फारसा संबंधही नसतो, पण लहानपणी डोळा तिच्यावरच अडकलेला असतो.

एका गृहस्थांनी मला अख्खा मेसेज एवढाच पाठवला होता: ‘लक्ष्या बाटलीत, कवटीवाला डाकू, बहुतेक दादा कोंडकेंचा.’ यातला दादा कोंडके उचलून बाजूला ठेवला की बाकीचं चोख आहे. बाटलीतला छोटा लक्ष्मीकांत बेर्डे आणि कवटीचा मुखवटा घातलेला कवट्या महाकाळ म्हणजे महेश कोठारेंचा १९९० सालचा ‘धडाकेबाज’. दोन मिनिटांत सुटला. त्यांनी नुसतं ‘दादा कोंडकेंचा पिक्चर’ विचारलं असतं तर आम्ही दोघं अजून शोधत बसलो असतो.

म्हणून एक विनंती. मला विचारताना वाक्य सुधारून, नीट लावून पाठवू नका. पहिल्यांदा मनात जसं आलं तसंच पाठवा. नीट लावायला गेलं की माणूस मधल्या रिकाम्या जागा आपल्या पदरचं घालून भरतो.

मी फोनमध्ये बोलून शोधलं, तर त्याने भलतंच लिहिलं. माझं चुकलं की फोनचं?

बहुतेक वेळा भाषेच्या सेटिंगचं. आपल्याकडे फोन हिंदीत लावलेला असतो आणि आपण बोलतो मराठी, तेही इंदुरी मराठी, ज्यात ‘मी त्याला बोललो की तू चल’ असलं काहीही येतं. कीबोर्डमध्ये आवाजाची भाषा ‘मराठी (भारत)’ करून घ्या. निम्मा घोळ तिथेच मिटतो.

उरलेला निम्मा घोळ आपण स्वतः करतो. लोकमान्य नगरातल्या एक काकू मला म्हणाल्या, ‘अरे, सपनात पाहिला होता, गर्दी होती, माझी चप्पल हरवली.’ मी आपला मान डोलावत ऐकून घेतलं. म्हटलं, काकूंना स्वप्नं पडतात. चप्पल हरवली म्हटल्यावर ट्यूब पेटली, की काकू सपना टाकीजबद्दल बोलतायत. सपना आणि संगीता, दोन जोड टाकीज. फोनला हे कुठून कळणार? त्याने ‘स्वप्नात पाहिलेला चित्रपट गर्दी चप्पल’ असं शोधून स्वप्नफळाच्या शंभर पानांचा ढीग काकूंपुढे ओतला होता. चप्पल हरवणं शुभ असतं की अशुभ, हे काकूंना आता तोंडपाठ आहे.

चाकू घेऊन फिरणाऱ्या बाहुल्याचा पिक्चर कोणता?

हा प्रश्न वर्षाला निदान दहा वेळा येतो, आणि मजा अशी की उत्तर दर वेळी तेच नसतं. बाहुले तीन आहेत.

पहिला आपला तात्या विंचू. ‘झपाटलेला’, १९९३, दिग्दर्शक महेश कोठारे. लक्ष्मीकांत बेर्डे त्यात बोलक्या बाहुल्यांचा खेळ करणारा लक्ष्या, आणि बाहुल्यामागचं कसब रामदास पाध्यांचं. दुसरा म्हणजे तोच पिक्चर हिंदीत डब होऊन ‘खिलौना बना खलनायक’ या नावाने आलेला. इंदूरच्या कितीतरी मराठी घरांतल्या मुलांनी तो हिंदीतच पाहिलाय, त्यामुळे ‘झपाटलेला’ दाखवला की ती म्हणतात, ‘हाच आहे, पण हा नाही.’ त्यांचं बरोबर असतं. बाहुला तोच, आवाज दुसरा. तिसरा १९९६चा हिंदी ‘पापी गुडिया’, ज्यात करिश्मा कपूर आहे. तिघांच्याही मागे १९८८चा हॉलिवूडचा ‘चाइल्ड्स प्ले’ उभा आहे. तो कोणी केबलवर पाहिला असेल तर चौथा बाहुलाही या गर्दीत येऊन बसतो.

मी एवढंच विचारतो: त्यात लक्ष्या होता का? होता, तर पुढचा प्रश्न, तो मराठी बोलत होता की हिंदी? नव्हता, तर करिश्मा होती का? इथे बहुतेकांचा निकाल लागतो. एकाने मात्र लिहून पाठवलं होतं, ‘गुड्डे वाली मूवी मराठी आदमी पोलीस झोपाळा’. लक्ष्या, महेश कोठारे, करिश्मा, सगळ्यांचे फोटो पाठवले, तो सगळ्यांना नाही म्हणाला. झोपाळा मला या चौघांपैकी कशातही सापडलेला नाही. तो दुसऱ्याच कुठल्यातरी पिक्चरमधून इथे येऊन झुलतोय.

इंग्रजी अक्षरांत मराठी नाव कसं लिहायचं? काहीच सापडत नाही.

लिहूच नका. देवनागरीत लिहा. ‘झ’साठी कोणी झेड लावतं, कोणी झेडच्या पुढे एच, कोणी जे-एच, कोणी नुसता जे. ‘ळ’ तर इंग्रजीत आहेच कुठे, त्याचा एल होतो आणि ‘पळवापळवी’चं ‘पलवापलवी’. देवनागरीत एवढे फाटे फुटत नाहीत. तरी नाही सापडलं तर तेच वर्णन हिंदीत लिहून बघा. बाहुलाचा ‘गुड्डा’ करा, विहिरीचा ‘कुआँ’ करा. जुन्या सिनेमांबद्दल हिंदीत लिहिणारे मराठीपेक्षा पुष्कळ जास्त आहेत, हे कबूल करायला काय हरकत आहे?

आणि ‘तो पिक्चर ज्यात एक माणूस असतो जो’ एवढं सगळं शोधायच्या डब्यात घालू नका. नामं ठेवा, बाकी गाळा.

फक्त गाण्याची चाल आठवते. शब्द चुकीचे ऐकलेले असणार.

मग शब्द सोडा, चाल गुणगुणा. गूगलच्या ॲपमध्ये २०२० पासून गुणगुणून गाणं शोधायची सोय आहे. माइकवर दाबायचं, गाणं शोधण्याचा पर्याय घ्यायचा आणि दहा-पंधरा सेकंद चाल म्हणायची. नुसती शिट्टी वाजवलीत तरी चालतं. शॅझम वेगळं आहे. त्याला मूळ रेकॉर्डिंग वाजताना ऐकवावं लागतं, तुमच्या गळ्याचा त्याला उपयोग नाही.

वाद्याची आठवण मात्र जपून वापरा. ‘खऱ्या गारुड्याच्या पुंगीचं गाणं’ म्हणून लोक १९५४च्या ‘नागिन’मधली बीन सांगतात. ती पुंगी नव्हतीच. हेमंतकुमारांच्या त्या संगीतात कल्याणजींनी क्लॅव्हिओलिन नावाचं विजेवरचं वाद्य वाजवलं होतं, सोबत रवींची हार्मोनियम. आणखी एक गोची म्हणजे ‘नागीण होते आणि बदला घेते’ असं सांगणाऱ्यांना १९५४चा नकोच असतो. त्यात इच्छाधारी नागीण नाही. त्यांना १९७६चा ‘नागिन’ हवा असतो, किंवा श्रीदेवीचा १९८६चा ‘नगीना’. अमरीश पुरी आठवत असेल तर ‘नगीना’.

गोष्ट अगदी जुळते, पण नट जुळत नाहीत. असं कसं?

इथे मी स्वतः तोंडघशी पडलोय, तेव्हा जरा सविस्तर सांगतो.

आमच्या दुकानात एक आजी यायच्या. लुगडं, हातात कापडी पिशवी, कॅसेट पिशवीत घालताना दोनदा पुसून घ्यायच्या. त्यांना हवा होता ‘म्हाताऱ्या नवऱ्याचा, भिंतीवरच्या घड्याळाचा’ पिक्चर. मी मोठ्या ऐटीत शांतारामबापूंचा ‘दुनिया न माने’ दिला. दुसऱ्या दिवशी कॅसेट परत. ‘हा नाही रे.’ मी म्हटलं, आजी, हाच. शांता आपटे आहे, केशवराव दाते आहेत, घड्याळ आहे, अजून काय हवं? त्या म्हणाल्या, ‘ती अशी नाही बोलत.’ मी हसलो. पुढे दोन वर्षं त्या अधूनमधून विचारत राहिल्या आणि मी तीच कॅसेट पुढे करत राहिलो.

मग पुण्याहून एकाने ‘कुंकू’ची कॅसेट आणली. १९३७, प्रभात. तीच गोष्ट, तीच शांता आपटे, तेच घड्याळ, फक्त बोलणं मराठी. प्रभातवाले तेव्हा एकाच पटकथेवर मराठी आणि हिंदी असे दोन वेगळे पिक्चर काढायचे. डबिंग नव्हे, प्रत्येक प्रसंग पुन्हा चित्रित करून. आजी दोन वर्षं सांगत होत्या की ‘ती अशी नाही बोलत’, आणि मी नटांची यादी वाचून दाखवत होतो.

तेव्हापासून जुना काळा-पांढरा असला की पहिला प्रश्न: बोलणं कुठल्या भाषेत आठवतं? १९३९चा ‘माणूस’ हिंदीत ‘आदमी’ आहे, १९४१चा ‘शेजारी’ हिंदीत ‘पडोसी’. ‘शेजारी’त तर नटही बदलतात. धरण फुटतं, दोन म्हातारे मित्र एक हिंदू एक मुसलमान, हे दोन्हींत आहे. हिंदू म्हातारा मराठीत केशवराव दाते आणि हिंदीत मझहर खान. मुसलमान म्हातारा मात्र दोन्हींत गजानन जागीरदार. खूप नंतरच्या, १९८२च्या ‘उंबरठा’चंही तसंच, हिंदीत तो ‘सुबह’ झाला, स्मिता पाटील दोन्हींत.

बाकी रिमेकचा गोंधळ सगळ्यांना माहीत असतो. मार खाणारं गरीब पात्र आणि त्याचं दांडगट जुळं म्हटलं की माझा प्रश्न ठरलेला: बाई की बुवा? बुवा आणि प्राणच्या हातात चाबूक, तर दिलीपकुमारचा ‘राम और श्याम’, १९६७. बाई आणि ती पोलीस चौकीत पंख्यावर जाऊन बसते, तर हेमामालिनीची ‘सीता और गीता’, १९७२. बाई आणि पावसात रेनकोट घालून नाच, तर श्रीदेवीचा ‘चालबाज’, १९८९. ‘अशी ही बनवाबनवी’ पाहून ‘हे मी आधी काळ्या-पांढऱ्यात पाहिलंय’ म्हणणारे आजोबाही खोटं बोलत नाहीत. घरासाठी साडी नेसायची ती गोष्ट हृषीकेश मुखर्जींच्या १९६६च्या ‘बीवी और मकान’मध्ये आहे.

मला शेवट वेगळाच आठवतो. सगळे म्हणतात मी चुकतोय.

कदाचित चुकत नसाल. ‘शोले’चेच दोन शेवट आहेत. मूळ शेवटात ठाकूर गब्बरला खिळ्यांच्या बुटांखाली ठार मारतो. आणीबाणीत सेन्सॉरने तो बदलायला लावला आणि १९७५ला टाकीजमध्ये पोलीस येऊन थांबवतात तोच लागला. दुसरा शेवट नंतर लोकांच्या पाहण्यात आला. त्यामुळे बाप एक शेवट सांगतो, मुलगा दुसरा, आणि जेवताना भांडण. (सलीम-जावेदमधले सलीम खान इंदूरचे. हे आमच्या गावात कोणी सांगितल्याशिवाय राहत नाही, म्हणून मीही सांगून टाकलं.)

दुसरी शक्यता आमच्यासारख्या दुकानांची कृपा. १८० मिनिटांच्या कॅसेटमध्ये सव्वातीन तासांचा पिक्चर बसत नाही, मग एखादं गाणं उडायचं, नाहीतर शेवट. आणि जुन्या टेपवर नवीन टेप केलं तर नवीन संपल्यावर जुन्याचं शेपूट तसंच शिल्लक. आमचा एक गिऱ्हाईक वर्षानुवर्षं समजत होता की एका कौटुंबिक पिक्चरच्या शेवटी सगळे रडून झाल्यावर अचानक कुस्ती होते. ‘सासू माफी मागते मग दंगल’ असं त्याने शोधलं होतं म्हणे. दंगल आमच्या टेपची होती. मी त्याला वीस वर्षांनी सॉरी म्हटलं.

मराठी होता हे नक्की, पण मराठी सिनेमांच्या कुठल्याच यादीत नाही.

खाली इंग्रजी अक्षरं येत होती का, आठवून बघा. येत असतील आणि रविवारची दुपार असेल, तर तो दूरदर्शनवरचा प्रादेशिक चित्रपट. मुंबई-पुण्याच्या लोकांना मुंबई दूरदर्शनवर मराठी पिक्चर मिळायचे, आपल्याला नाही. आपल्या वाट्याला राष्ट्रीय प्रसारणातली रविवार दुपार, आणि त्यात या आठवड्याला मराठी तर पुढच्याला बंगाली, कन्नड, मल्याळी. घरात सगळे मराठीत बोलतायत, आई पोळ्या करतेय, पडद्यावर नऊवारीसारखं काहीतरी नेसलेली बाई विहिरीवर उभी आहे. वीस वर्षांनी डोक्यात तो पिक्चर मराठीच होऊन बसतो. अशा तीन ‘मराठी’ सिनेमांपैकी दोन माझ्या हाताने कन्नड निघालेत.

साल कसं काढायचं?

पाहिलं कधी, यावरून काढू नका. आपल्याकडे पिक्चर उशिरा पोचायचे, आणि जुने मॅटिनीला पुन्हा पुन्हा लागायचे. ‘मधुमिलनला पाहिला, तेव्हा मी नववीत होतो’ यातून तुमचं वय कळतं, पिक्चरचं नाही.

सुरुवातीचं सेन्सॉर सर्टिफिकेट आठवत असेल तर सोनं. नुसता यू किंवा ए असेल तर काही कळत नाही, पण यू/ए असेल तर तो १९८३ किंवा त्यानंतर पास झालाय, कारण तो वर्गच १९८३ला आला. पण जपून: जुना पिक्चर नंतर पुन्हा पास करून घेतलेला असू शकतो.

रंगीत चष्मा लावून पाहिला होता.

मुलं भिंतीवर आणि छतावर चालतात? मग ‘छोटा चेतन’. मूळ मल्याळी ‘माय डिअर कुट्टिचातन’, १९८४, भारतातला पहिला थ्रीडी. उर्मिला मातोंडकरही आठवत असेल तर तुम्ही तो १९९८ला पुन्हा लागला तेव्हा पाहिलात. जॅकी श्रॉफ आठवत असेल तर ‘शिवा का इन्साफ’, १९८५.

मांडूत शूटिंग झालेला जुना पिक्चर?

गुलजारांचा ‘किनारा’ (१९७७) किंवा दिलीपकुमारचा ‘दिल दिया दर्द लिया’ (१९६६). सहलीला गेलेला प्रत्येक जण परत आल्यावर विचारतो.

नवरीला बघून राक्षस होणारा माणूस?

‘जानी दुश्मन’, १९७९. लाल जोडा. रात्री बघू नका.

एआयला विचारलं तर चालेल का? तो तर लगेच सांगतो.

लगेच सांगतो, हीच अडचण आहे. ‘मला माहीत नाही’ हे त्याच्या तोंडून सहजासहजी निघत नाही. आमच्या दुकानात एक पोऱ्या होता कामाला, तसाच; गिऱ्हाईक रिकाम्या हाताने जाऊ नये म्हणून काहीही नाव ठोकून द्यायचा. मला एकदा एका विहिरीच्या पिक्चरचं नाव, साल, दिग्दर्शक, सगळं व्यवस्थित मिळालं. असा पिक्चर कधी निघालाच नव्हता.

मी एक युक्ती करतो. त्याने नाव सांगितलं की सहज विचारतो, ‘त्यात तो हत्तीचा सीन होता ना?’ हत्ती मी माझ्या मनाने घातलेला असतो. ‘हो हो, तो गाजलेला प्रसंग’ असं उत्तर आलं की समजायचं, आपला पोऱ्याच आहे. नाव सुचवायला त्याला जरूर वापरा, पण पोस्टर आणि नटांची यादी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिल्याशिवाय आजीला फोन करू नका. आजीचा आनंद परत घेता येत नाही.

नाव सापडलं, पण पिक्चर कुठेच मिळत नाही.

आधी यूट्यूबवर मराठी, हिंदी दोन्ही नावांनी बघा. पुष्कळ जुने तिथे आहेत, प्रिंट कसली का असेना. नसेल तर पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, स्थापना १९६४. तिथे घरबसल्या बघायची सोय नाही, पण प्रिंट शिल्लक आहे की नाही हे विचारता येतं. कधी उत्तर ‘नाही’ असतं. १९३१चा ‘आलम आरा’ आपला पहिला बोलपट, त्याचीसुद्धा एक प्रत उरलेली नाही. मग तुमच्या पणजीने पाहिलेल्या पिक्चरचं काय सांगू?

तुम्ही पैसे घेता का?

नाही. एकाने छप्पन दुकानवर जॉनीचा हॉटडॉग खाऊ घातला होता, तो घेतला.

सध्या तुमच्याकडे काय अडकलंय?

जसं आलं तसं देतोय, शुद्धलेखनासकट. कोणाला ओळखू आलं तर सांगा.

‘बाई दिवा विझवते आणी बाहेर घोडा, पाऊस नाही.’

‘अशोक सराफ पोस्टमन?? पत्र उघडून वाचतो, नंतर रडतो. कॉमेडी आहे.’

‘आजोबा आणि नातू रेल्वेत, नातू उतरतो, पुढच्या स्टेशनवर आजोबा नसतात. रीगलला पाहिला. वडील सोबत होते. इंटरव्हलमध्ये समोसा घेतला तो गरम होता.’

शेवटच्याचं मी सहा वर्षं शोधतोय. आजोबा म्हणून चार नटांचे फोटो पाठवून झाले, चारही नाही. समोशाबद्दल मात्र त्यांना पक्की खात्री आहे.